रक्तातली क्वाटर

"साहेब, माह्या पोराच्या रक्तात क्वाटर सापडली, असं तुमीच सांगितलं ना?"

काउंटरच्या जाळीपलीकडे पन्नाशीच्या एक बाई उभ्या होत्या. निळ्या काठाची पांढरी साडी, हातात कापडी पिशवी. आवाज चढलेला नव्हता. चढला असता तर बरं झालं असतं, मी पण चढवला असता. भंडाऱ्याच्या त्या दवाखान्यात लॅब टेक्निशियन म्हणून मी बऱ्याच शिव्या पचवल्या होत्या. पण इतक्या हळू आवाजातला प्रश्न मला नवा होता.

"कोणत्या पोराच्या, बाई?"

"प्रफुल. प्रफुल मेश्राम, सानगडीचा. त्या दिवशी रक्त देऊन गेला तुमच्यापाशी. आता पोरीच्या बापानं फोन करून सोयरीक मोडली. म्हणते, दवाखान्यातल्या साहेबाच्या तोंडून म्या सोता ऐकलं, पोट्ट्याच्या रक्तात क्वाटर हाय."

"पण बाई, आम्ही इथे दारू तपासतच नाही."

"मंग सांगितलं काहून?"

मी खिडकीतून बाहेर पाहिलं. मोटरसायकलीला टेकून एक उंच पोरगा उभा होता. राईस मिलमधून तसाच निघाला असावा, भुवयांवर कोंडा बसलेला होता. आमच्याकडे बघत नव्हता.

"त्याचा बाप दारूनंच गेला जी," बाई म्हणाल्या. "तवापासून हा वरातीत कोणी गिलास धरला तरी उठून जाते. त्याले कोणी चोर म्हटलं असतं तर हासला असता. हे म्हटलं, तर जेवला नाही."

आमच्या भागात क्वाटर दोन प्रकारची असते. एक, सरकारी नोकराला राहायला मिळते ती. दुसरी, राहतं घर विकून लोक पितात ती. रक्तात सापडेल अशी दुसरीच. आणि मुलीचे वडील, पवनीचे रामटेके, हे पंचशीलातलं पाचवं शील अक्षरशः पाळणारे गृहस्थ. मद्यपानापासून अलिप्त राहीन, हे विहारात म्हणायचं आणि घरी जाऊन विसरायचं, असा त्यांचा हिशेब नव्हता. त्यांच्या दृष्टीने सोयरीक मोडणं हे कर्तव्यच होतं.

पण मी बोललो काय होतो? हळूहळू आठवलं.

भंडाऱ्यातून गोंदिया जिल्हा वेगळा होऊन काही वर्षं झाली होती आणि सिकलसेलची तपासणी जोरात सुरू होती. सिकलसेल म्हणजे रक्तातल्या लाल पेशी विळ्यासारख्या वाकड्या होण्याचा आजार. आईबापांकडून येतो, आणि आमच्या भागात बराच आहे. लग्नाआधी दोघांनीही रक्त तपासून घ्यावं, असं आम्ही गावोगाव सांगत होतो. प्रफुल आणि मयुरी यांनी ते ऐकलं. साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, व्हायच्या आत दोघं आपापल्या घरच्यांसोबत येऊन रक्त देऊन गेले. म्हणजे आमचं ऐकलं, म्हणूनच फसले.

नेमके त्या दिवशी नागपूरहून एक मोठे सर इन्स्पेक्शनला आले होते. त्यांनी माझ्या टेबलावरच्या नळ्या पाहिल्या आणि सहज विचारलं, "तुम्ही नुसती टेस्ट करता, की आत काय होतं ते समजतं पण?"

झालं. बीएस्सीला बायोकेमिस्ट्रीत मला जे दोन-तीन शब्द खरोखर कळले होते, त्यातला सर्वांत देखणा शब्द बाहेर काढायची वेळ आली. क्वाटर्नरी स्ट्रक्चर. आता माझी एक खोड होती. मोठा शब्द मी तुकड्यांनी टाकायचो. अर्धा टाकायचा, चष्मा वर सरकवायचा, समोरच्याचा चेहरा बघायचा, मग उरलेला. माझ्या मते त्याने वजन यायचं.

हाताशी जी नळी आली ती उचलली आणि म्हणालो, "समजा सर, हा प्रफुल मेश्राम. याच्या रक्तात सगळा खेळ आहे तो क्वाटर…"

चष्मा वर सरकवला.

"…नरी स्ट्रक्चरचा."

दाराबाहेरच्या बाकावर रामटेके बसले होते. मयुरी पलीकडच्या खोलीत हाताला कापूस दाबून बसली होती. चष्मा वर सरकवायला जेवढा वेळ लागतो, तेवढ्यात ते उठून गेले. दुसरा तुकडा त्यांच्या कानावर गेलाच नाही. शिवाय पेशंटचं नाव घेऊन परक्यासमोर बोलू नये, हा लॅबमधला पहिला धडा, तोही मी त्याच दमात मोडला होता.

आमच्या मॅडमना, म्हणजे दवाखान्याच्या मुख्य डॉक्टरांना, सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं.

"शब्द कोणाचा?"

"माझा, मॅडम."

"मग निस्तरा तुम्हीच. पवनीला जा. दोघांचे रिपोर्ट आले आहेत. ज्याचा त्यालाच सांगायचा. आणि बोलताना चष्मा काढून ठेवा."

प्रफुलला त्याचा रिपोर्ट तिथेच सांगितला. नॉर्मल. काहीही दोष नाही. तो म्हणाला, "कोणालेबी सांगा. पण ज्या घरानं मले दारुड्या म्हटलं, तिथं मी येत नाही." आणि आईकडे न बघताच म्हणाला, "मयुरीचा फोन आला होता. रडून राहिली होती."

त्याच्या आई, सुलोचनाबाई, आणि मी पवनीच्या एसटीत बसलो. मला मयुरीचाही रिपोर्ट माहीत होता, हे माझं दुखणं. ती वाहक निघाली होती. वाहक म्हणजे आजारी नव्हे. आई किंवा बाप, एकाकडून दोष आलेला, दुसऱ्याकडून नाही. स्वतःला सहसा काही होत नाही. जोडीदार प्रफुलसारखा नॉर्मल असला, तर मुलांनाही हा आजार होत नाही, फार तर तीही वाहक होतील. म्हणजे आमच्या शास्त्राप्रमाणे या लग्नाला काहीच अडचण नव्हती. पण वाहक हा शब्द ऐकून मुली परत पाठवलेल्या मी पाहिल्या होत्या. आणि ज्या बाईच्या शेजारी मी बसलो होतो, तिचा नुकताच अपमान झालेला. तिला परतफेडीची संधी मी माझ्याच बॅगेतून घेऊन चाललो होतो, आणि तोंड उघडायची परवानगी नव्हती.

"साहेब, तुमी घामून राहिले," त्या म्हणाल्या. पिशवीतून पाण्याची बाटली काढून दिली. ज्याने पोराची सोयरीक मोडली त्याला!

पवनीच्या जुन्या दरवाज्यातून आत गेलो. रामटेके ओट्यावरच होते. एसटीतून रिटायर झालेले कंडक्टर. त्यांनी सुलोचनाबाईंना जयभीम घातला, मला नाही.

"म्या तीस माणसांच्या कलकलाटात शेवटच्या सीटवरचं तिकीट ऐकलं हाय," ते म्हणाले. "माह्या कानाले चूक नाही होत."

"बरोबर ऐकलं तुम्ही. फक्त स्टॉप यायच्या आधी उतरलात."

"का मतलब?"

"शब्द संपायचा होता, साहेब. क्वाटर नाही, क्वाटर्नरी. दारूचा काही संबंध नाही. प्रथिनांच्या बांधणीचं नाव आहे ते."

"बनवून नका सांगू."

मराठी पुस्तकात याला 'चतुर्थक' म्हणतात. तसं म्हटलं असतं तर त्यांनी मला चतुर्थीचा उपास आहे का, असं विचारलं असतं. मी चष्मा काढून खिशात ठेवला.

"सतरंजी आहे का? आणि चार बटाटे? कपड्याचे दोन चिमटेही लागतील."

रामटेकेंच्या पत्नी आतून सगळं घेऊन आल्या. मागोमाग मयुरी दारात येऊन उभी राहिली. डोळे सुजलेले. प्रोटोकॉल विसरलो नव्हतो. आधी तिला अंगणात बाजूला घेऊन तिचा रिपोर्ट सांगितला, अर्थ समजावला. ती पवनीतल्याच एका कॉन्व्हेंटात लहान मुलांना शिकवायची. दोनदा विचारून खात्री करून घेतली. मग म्हणाली, "सर, तुम्ही तुमचं शिकवा. नंतरचं मी बघते."

मग मी आयुष्यातलं सर्वांत अवघड लेक्चर सुरू केलं. प्रथिन म्हणजे आधी नुसती मण्यांची माळ. ती जागोजागी वळते, मग सगळी मिळून गुंडाळून तिचा गोळा होतो. काही प्रथिनांचं काम एका गोळ्यावर भागतं. पण रक्तातलं हिमोग्लोबिन एकट्याने काम करत नाही. तिथे चार गोळे एकमेकांना धरून बसतात, दोघे अल्फा, दोघे बीटा. कोण कोणाला कसं धरून बसलं, त्या बैठकीचं नाव क्वाटर्नरी स्ट्रक्चर.

"चौघांची बैठक," रामटेकेंच्या पत्नी म्हणाल्या.

"अगदी तेच. चला, बसा."

सतरंजीवर चौघे बसलो. रामटेके, त्यांच्या पत्नी, सुलोचनाबाई आणि मी. हात धरायला सांगितले. रामटेकेंच्या एका बाजूला सुलोचनाबाई आल्या. दोघांनी आधी हात पदराला, धोतराला पुसले, मग बोटांची टोकं तेवढी धरली.

"नीट धरा, नाहीतर हिमोग्लोबिन सुटेल."

नीट धरले. मयुरीने प्रत्येकाच्या मांडीवर एकेक बटाटा ठेवला.

"हा ऑक्सिजन. फुप्फुसातून घ्यायचा आणि अंगभर नेऊन द्यायचा. लेकरू समजा. एकानं लेकरू मांडीवर घेतलं की बाकीचे तिघं पण सरकून मांडी मोकळी करतात. म्हणून बैठक महत्त्वाची."

"म्हणजे यात दारू…" रामटेके.

"नाही."

"अजिबात?"

"बटाटा आहे, साहेब. बटाटाच."

सुलोचनाबाईंना हसू आलं आणि त्यांनी ते दाबलं. मी चिमटे उचलले. एक रामटेकेंच्या खांद्यावर लावला, एक सुलोचनाबाईंच्या पदराला.

"आता हे दोघं बीटा. सिकलसेलमध्ये बीटावर असा चिमटा असतो. लेकरू मांडीवर आहे तोवर काही नाही. लेकरू उतरलं की हा चिमटा शेजारच्या बैठकीला जाऊन धरतो, ती तिच्या शेजारच्या. सगळ्या बैठकी एकात एक अडकतात, लांब दोर होतो, आणि पेशी विळ्यासारखी वाकते. हे मी त्या सरांना सांगत होतो. प्रफुलची नळी हातात होती, म्हणून त्याचं नाव घेतलं. घ्यायला नको होतं. त्यानं थेंब घेतलेला नाही."

रामटेकेंनी मांडीवरच्या बटाट्याकडे पाहिलं. सुलोचनाबाईंचा हात अजून त्यांच्या हातात होता.

"बाई," ते म्हणाले, "म्या तुमच्या पोराले फोनवर लय वाईट बोललो."

तेवढ्यात मयुरी पुढे आली. बापाच्या खांद्यावरचा चिमटा काढला आणि स्वतःच्या ओढणीला लावला.

"बाबा, हा माझ्याजवळ आहे. एकच. मी वाहक आहे. सरांनी आत्ता सांगितलं."

बैठक सुटली. रामटेकेंचा चेहरा असा झाला, की जणू त्यांना कोणी चालत्या बसमधून उतरवलं. थोड्या वेळापूर्वी जो माणूस दुसऱ्याचं पोर नाकारून बसला होता, तो आता दुसऱ्याच्या तोंडाकडे बघत होता. कोणी सांगायची गरज नव्हती. आता नाही म्हणायची पाळी सुलोचनाबाईंची होती.

त्यांनी माझ्याकडे मान वळवली. "साहेब, माह्या प्रफुलले चिमटा हाय का?"

"नाही."

"मंग इचा अडकल कायले?"

"नाही अडकणार. लेकरांना आजार होणार नाही. पुढे त्यांची सोयरीक करताना मात्र त्यांचंही रक्त तपासायचं."

"तपासू. तुमच्यापाशीच आणू. पण तवा तोंड बंद ठेवजा."

त्यांनी आपला बटाटा हातात घेतला, मयुरीला जवळ बसवलं आणि तो तिच्या मांडीवर ठेवला.

"धर. लेकरू हाय, पाडजो नको."

मयुरी त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. रामटेके उठून आत गेले. आतून त्यांचा मोठा, कंडक्टरी आवाज ऐकू आला. फोनवर "जावईबापू" एवढा एकच शब्द ते पुन्हा पुन्हा म्हणत होते, पुढचं वाक्य काही सुचत नव्हतं. बटाट्यांची संध्याकाळी भाजी झाली. मला आग्रहाने वाढली.

लग्नाला मी गेलो. रामटेकेंनी मला मांडवात पाहुण्यांसमोर उभं केलं आणि अभिमानानं सांगितलं, "हेच ते क्वाटरवाले साहेब!" त्यांना वाटलं, सगळ्यांना सगळं माहीत आहे. कोणालाच माहीत नव्हतं. जेवणाच्या पंगतीत माझ्या शेजारी कोणी बसेना. एका म्हाताऱ्यानं मात्र जवळ येऊन हळूच विचारलं, "कुठं ठेवली?"

पवनीत अजून माझं तेच नाव आहे. नोकरीत असताना तपासणीच्या कॅम्पला गेलो की नव्या सुना मला बघून पदर सावरायच्या आणि सासऱ्याला आत न्यायला बघायच्या. रिटायर व्हायच्या थोडं आधी प्रफुल-मयुरीच्या शाळकरी मुलीचं रक्त आमच्याकडे तपासायला आलं. रिपोर्ट मी मयुरीलाच फोनवर सांगितला. मागून सुलोचनाबाईंचा आवाज आला, "साहेबाले विचार, बैठक बसली का बरोबर?"

बरोबर बसली होती. एकही चिमटा नव्हता.

क्वाटर्नरी हा शब्द वाईट नाही. मी अजूनही वापरतो. फक्त आधी दार लावतो, आणि एका दमात म्हणतो. दम पुरत नसला, तर बटाटे मागवतो.