कार्डावरचं गाव

माझा भाऊ सोळा वर्षं कबड्डी खेळला आणि त्यातला एकही सामना तो आपल्या गावाकडून खेळला नाही. हे वाक्य मी मुद्दाम पहिलं लिहितेय. पुढं मी जे केलं ते ह्याच वाक्यापायी केलं.

खेळाडू म्हटलं की लोकांना टीव्हीवरचे दिसतात, ज्यांच्यावर बोली लागते. त्यांच्या खाली किती पोरं गुडघे फोडून घेतात ते कुणी विचारत नाही. आमच्याकडं यात्रांचा हंगाम लागला की गावोगाव वजनी गटाच्या स्पर्धा भरतात. प्रत्येक संघाला दोन-तीन बाहेरचे खेळाडू चालतात. ते बाहेरचे म्हणजे माझा भाऊ. एरवी तो नळदुर्गला हायवेवर टायरच्या दुकानात ट्रकची चाकं खोलायचा. फोन यायचा, "दादा, उद्या दुपारी वजन हाय. सत्तर किलोमदी बसताव का?" बसावंच लागायचं. मग आदल्या दिवसापासून उपास, चूळ भरून पाणी थुंकायचं, आणि सकाळी स्वेटर घालून माळावर पळायचं. वजन झालं की तिथंच उभ्यानं केळी खायची. दारात जीप यायची, कधी मोटारसायकल. अणदूरकडचे न्यायचे, तेरकडचे न्यायचे, एकदा तर लातूरच्या पलीकडचे घेऊन गेले आणि येताना त्याला बार्शी नाक्यावर सोडून दिलं.

मैदानात उतरायच्या पाच मिनिटं आधी तो आपल्याच संघातल्या पोरांना विचारायचा, "उजव्या कोपऱ्यात कोण हाय बाबा? तू? बरं. म्या हात दाबला की मागं सरायचं." एवढीच ओळख. तेवढ्यावर तो चढाईला जायचा, गुण आणायचा. लोक ओरडायचे तेव्हा त्याचं नाव त्यांना ठाऊक नसायचं. "ए पिवळा! ए नऊ नंबर!"

घरात जर्सींचा ढीग झाला होता. प्रत्येकीवर वेगळ्या गावाचं नाव. वडील त्या शेतात घालायचे. हरभऱ्यात पाणी धरताना पाठीवर कुठल्यातरी परक्या गावाचं नाव आणि खाली आकडा. बांधावरून जाणारा हटकून विचारायचा, "अण्णा, आज कुणाकडून खेळायलाव?" अण्णा म्हणायचे, "जे पाणी देतील त्येंच्याकडून."

आणि आमचं गाव? आमच्या यात्रेतल्या संघात सोलापूरकडचे चढाईवाले यायचे. त्यांना हार, त्यांना फेटा. माझा भाऊ त्या दिवशी एकतर दुसऱ्या गावात असायचा, नाहीतर बांधावर बसून बघायचा. पिकतं तिथं विकत नाही, हे तो स्वतःच हसून सांगायचा. मला हसू यायचं नाही. त्यात गेल्या पावसाळ्यात त्याच्या गुडघ्याची गादी फाटली. डॉक्टरनं सांगितलं, अजून एक हंगाम ओढशील, मग बास. त्या दिवशी गुडघ्याला पट्टा आवळता आवळता तो म्हणाला, "एकदा आपल्या यात्रेत आपल्या गावाकडून खेळायचं होतं. राहिलंच ते."

झालं. मला दुसरं काही सांगायला लागत नाही.

मी पत्रकं लिहिते. टँकरवर लिहिलं, बंद पडलेल्या बसवर लिहिलं, शाळेच्या गळक्या वर्गावर लिहिलं. एक पान, मोठं शीर्षक, तीन मागण्या. ह्यावर पण लिहिलं: "मैदान गावाचं, मग खेळाडू भाड्याचे कशाला?" मागणी साधी होती. यात्रेतल्या स्पर्धेत ज्या गावचा संघ, त्याच गावचे खेळाडू. पुरावा म्हणून आधार कार्डावरचा पत्ता. ओळख, वशिला, नातं काही चालणार नाही. शेवटची ओळ ठळक छापली: "नियम सगळ्यांना सारखा." भावाला सांगितलं नाही. त्याला एकदम खबर द्यायची होती.

यात्रा समितीची बैठक देवळासमोरच्या पारावर झाली. बाई मी एकटीच. समितीचे अध्यक्ष, ज्यांना सगळं गाव आबा म्हणतं, त्यांनी पत्रक चष्म्याजवळ धरून वाचलं आणि विचारलं, "पोरी, तू कबड्डी खेळलीस का कधी?"

"न्हाय. तुम्ही खेळलाव का, आबा?"

पार हसला. आबाही हसले. मग बोलाचाली झाली. फेटे-हाराचा खर्च वाचतोय हे कुणाच्या तरी ध्यानात आलं आणि ठराव पास झाला. येणाऱ्या सगळ्या गावांना तसं कळवायचं ठरलं.

घरी आले तेव्हा भाऊ जेवत होता. मी उभ्या उभ्याच सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं, भाकरी कालवणात बुडवली आणि विचारलं, "आधारवरचा पत्ता म्हणलीस?"

"व्हय."

त्यानं मोबाइलच्या कव्हरमधून कार्ड काढून ताटाशेजारी ठेवलं. फोटो त्याचा, नाव त्याचं, आणि पत्ता तेरकडच्या एका गावाचा.

चार वर्षांपूर्वी त्या गावानं असाच नियम केला होता. भावाला सोडायचं नव्हतं, म्हणून त्यांनीच त्याचा पत्ता आपल्याकडं फिरवून घेतला. धंद्यातली साधी गोष्ट. अर्ध्या खेळाडूंची कार्डं अशी फिरलेली असतात. सगळ्यांना ठाऊक होतं. मला नव्हतं, कारण मी विचारलंच नव्हतं.

"आता?" मी म्हणाले.

"आता काय. तुझ्या पत्रकात म्या बसत न्हाय."

दुसऱ्या दिवशी त्याला घेऊन तुळजापूरला आधार केंद्रावर गेले. पत्ता बदलायचा अर्ज घेतला, पावती दिली. नवा पत्ता यात्रेच्या आत येईल का, ह्यावर तिथल्या माणसानं फक्त मान हलवली, आणि ती मान 'न्हाय' म्हणत होती.

परत येताना दळण घ्यायला गिरणीवर गेले. आमची गिरणी चालवणारा माणूस कर्नाटकातला, आळंदकडचा. आठ वर्षं आमच्या गावात राहतो. सगळ्या गावाचं पीठ त्याच्या हातातून जातं. गावच्या संघात तो डाव्या कोपऱ्यात उभा राहतो. त्यानं डबा पुढं केला आणि हातावरचं पीठ झटकत म्हणाला, "ताई, पत्रक वाचलं. भाड्याचा म्हंजे मीच की."

"तुमचं कार्ड...?"

"गावाकडचं. बदलायचं ध्यानातच न्हाय आलं कधी."

"पण संघवाले तुम्हाला..."

"मला? कोण काय देतंय? गिरणी बंद ठिवून खेळतो मी." डब्याचं झाकण दाबत म्हणाला, "रागावलो न्हाय हां. फक्त सांगितलं."

माणूस रागावला असता तर मला बरं वाटलं असतं. रागाला उत्तर कसं द्यायचं ते मला येतं.

डबा तसाच काखेत धरून मी आबांकडं गेले. ओट्यावर बसले होते. सगळं सांगितलं. आबांनी सुपारी कातरत ऐकलं.

"त्यात काय एवढं?" ते म्हणाले. "तुझा भाऊ ह्याच गावात जन्मला ते आमाला मालूम हाय. त्याला घिऊ आपण. कार्ड कोण बघतंय? बघणारे आमीच."

"आणि गिरणीवाले?"

"त्याचं अवघड हाय. बाहेरची गावं म्हणतील, परराज्यातला घेतला. भावाचं तेवढं करू. तू गप रहा."

मी गप राहिले असते तर भाऊ खेळला असता. आपल्या गावाकडून, आपल्या यात्रेत, शेवटच्या हंगामात. एवढंच हवं होतं मला, ह्याच्यासाठीच सगळा खटाटोप केला होता. काखेतला डबा अजून गरम होता.

"घ्यायचं तर दोघांना घ्या," मी म्हणाले. "न्हायतर नियम सगळ्यांना सारखा."

"दोघांना न्हाय घेता येत. बाकीच्या गावांनी ठरावावर सह्या केल्यात."

"मग दोघंबी न्हाय."

आबांनी अडकित्ता खाली ठेवला. "भावाची बहीण हायस का पत्रकाची?"

मी डबा दुसऱ्या काखेत घेतला आणि ओटा उतरले.

नळदुर्गला दुकानावर जाऊन मीच भावाला सांगितलं. तो ट्रकच्या चाकाचे नट सोडवत होता. माझं बोलून झालं तरी दोन नट सोडवले. मग पाना खाली ठेवून म्हणाला, "बरं केलंस. त्याला वगळून म्या उतरलो असतो, तर पीठ कुठल्या तोंडानं आणलं असतं?" आणि हात पुसत, हसू दाबत, "तेरकडच्यांचा फोन आलता. आपल्या यात्रेत येणार हायत ते. त्येंच्यात म्या बसतो. तुझ्याच नियमानं."

यात्रेदिवशी दुपारी दुसऱ्या फेरीत आमचं गाव आणि तेरकडचं गाव समोरासमोर आलं. भाऊ निळ्या जर्सीत, पाहुण्यांच्या बाजूनं आत आला. वाकून माती कपाळाला लावली. कुणासाठी टाळ्या वाजवायच्या ते पब्लिकला कळेना. वडील बांधावर बसले होते, अंगात त्याच गावाची जुनी निळी जर्सी. शेजारचा म्हणाला, "अण्णा, आज कुणाकडून?"

"कार्डावर बघ," अण्णा म्हणाले.

गिरणीवाले माझ्याच शेजारी उभे होते. त्यांच्या जागी डाव्या कोपऱ्यात कॉलेजातला एक पोरगा घातला होता. खरा गावचा, कार्ड पक्कं. पहिल्याच चढाईत भावाला ते कळलं. तो मधे जायचा, उजवीकडं हूल द्यायचा आणि डाव्या कोपऱ्यातून गुण घेऊन यायचा. परत तेच. परत तेच. त्या पोराचा पाय दरवेळी एक इंच पुढं राहत होता.

"मागं घे," गिरणीवाले पुटपुटत होते, "पाय मागं घे रे बाबा, त्यो हूल देतोय..."

मागून कुणीतरी ओरडलं, "अरे गिरणीवाल्याला बोलवा रे!" माइकवर आबा म्हणाले, "शांतता राखा." त्यांनी माझ्याकडं बघितलं नाही. मेहरबानी केली.

आम्ही सात गुणांनी हरलो. शेवटच्या चढाईवरून परत येताना भावाचा गुडघा वळला. मध्यरेषेवर त्यानं हात टेकवला आणि तसाच बसून राहिला. तेव्हा मात्र पब्लिकनं टाळ्या वाजवल्या. आमच्याच पब्लिकनं, आमच्याच गावाला हरवणाऱ्याला. आणि नंबरानं नाही, नावानं ओरडले. सोळा वर्षांत पहिल्यांदा.

बर्फाची पिशवी गुडघ्यावर धरून तो आमच्याजवळ आला. गिरणीवाले म्हणाले, "म्या असतो तर धरलं असतं तुमाला."

"म्हणून तर भीती होती तुमची."

"पुढल्या साली बघू मग."

"पुढल्या साली गुडघा न्हाय येत," भाऊ म्हणाला. सहज म्हणाला, बस चुकली असं सांगावं तसं.

तेव्हा मी वर लिहिलेलं पहिलं वाक्य खरंच राहणार. तो आपल्या गावाकडून कधी खेळला नाही. ते मी होऊ दिलं नाही. दुसऱ्या दिवशी वडील निळी जर्सी घालून हरभऱ्यात गेले. भाऊ सात-आठ दिवस दुकानावर गेला नाही, मग गेला.

नवं पत्रक लिहून झालंय. मागणी एकच: जो वर्षभर गावच्या मैदानावर सरावाला येतो, तो गावचा. छापायच्या आधी तो कागद मी गिरणीवर नेला. हे मी पूर्वी कधी केलं नव्हतं. गिरणीवाल्यांनी पट्टा थांबवला आणि उभ्यानं वाचला. कागदाच्या कडेला पिठाची बोटं उमटली.

"एक चुकलंय, ताई," ते म्हणाले. "वर्षभर कोण येतंय? सुगीत कुणीच येत न्हाय."

मी त्यांना पेन दिलं.