चौथा हँगर

अरुणाताई रामटेके माणसाच्या तोंडाकडे नंतर बघतात, आधी खांद्याच्या शिवणीकडे. शिवण जागेवर असली तर माणूस बरा. घसरलेली असली तर तो कितीही शिकलेला असो, त्यांच्या लेखी त्याचं काहीतरी चुकलंच. एकदा नागपूरहून आलेल्या व्याह्यांना त्यांनी चहा देण्याआधी कोट काढायला लावला, बाही सोडवून पुन्हा बसवली आणि मग साखर किती विचारली. व्याही बिचारे बनियनवर बसून राहिले.

कॅनडातल्या केंब्रिजमध्ये त्यांचं घर आहे आणि घराच्या बेसमेंटमध्ये त्यांचं खरं घर आहे. तिथे दोन मशिनी, कापायचं एक लांबलचक टेबल आणि भिंतीवर लाल, खाकी, हिरव्या कापडांचे तागे. बासष्टाव्या वर्षी ही बाई इंग्रजांच्या फौजेचे जुने गणवेश शिवते, हुबेहूब, ज्या काळचा असेल त्या काळच्या टाक्याने. ऑन्टारियोतली लहानसहान म्युझियम्स आणि उन्हाळ्यात जुन्या लढायांची नाटकं करणारी हौशी मंडळी त्यांच्याकडे रांग लावतात. त्यांचे यजमान मिलिंदराव मोटारींच्या कारखान्यातून रिटायर झालेले. ते येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगतात, "भारतातून इंग्रज गेला म्हणतात ते खोटं आहे. आमच्या बेसमेंटमध्ये राहतो."

ताईंचा हा हात कामठीचा. वडील धोंडिबा दुसऱ्या महायुद्धात महार रेजिमेंटमध्ये होते आणि पलटणीचं शिवणकाम शिकून परतले. कामठीच्या छावणीबाहेर त्यांनी मशीन टाकली. अरुणाताई त्या मशीनखाली बसून मोठ्या झाल्या. वडिलांनी दिलेला पहिला धडा असा, की कापडाचा काठ उघडा सोडायचा नाही. दुमडायचा, पुन्हा दुमडायचा, मगच टाका घालायचा. हा धडा गिरवत त्या कॅनडात आल्या आणि बावीस वर्षं मोटारींच्या सीटची कव्हरं शिवली.

त्यामुळे पहिल्या लाल कोटाच्या वेळी व्हायची ती फजिती झाली. सीटचं काम सोडल्यावर एका म्युझियमच्या गाइडसाठी त्यांनी १८१२ सालच्या शिपायाचा कोट शिवायला घेतला. नमुना म्हणून आलेल्या जुन्या कोटाचे काठ जागोजागी नुसतेच कापून सोडलेले होते, दुमड नाही, काही नाही. ताईंना वाटलं, कुणा आळशी शिंप्याने अर्धवट टाकलेलं काम आहे. त्यांनी आपल्या कोटाचे सगळे काठ बापाच्या शिस्तीने दोनदा दुमडले. कोट असा जाड झाला की त्या गाइडला हात खाली करता येईना. मग त्यांना कळलं, की त्या काळची लोकर भिजवून, कुटून इतकी दाट करत की तिचा कापलेला काठ उसवतच नसे. दुमडायला लागलं ते पुढे, उष्ण मुलखासाठी सुती खाकी आली तेव्हा. म्हणजे बापाचा धडा खाकीचा होता, लालचा नव्हता. ताईंना तेव्हा राग आला नाही, उलट भयंकर मजा वाटली. नुसत्या काठावरून फौजेचा इतिहास वाचता येतो म्हणजे काय!

तेव्हापासून त्यांनी वाचनाचा सपाटा लावला. शिपायाचा लाल मंजिष्ठेच्या मुळीचा आणि साहेबाचा भडक लाल किड्यांपासून काढलेला, हे त्यांना पाठ. गळपट्टा इतका ताठ की शिपायाला मान खाली घालता येत नसे, पांढरे पट्टे रोज मातीने घासावे लागत. मग सरहद्दीवर कुणाला तरी शहाणपण सुचलं आणि पांढरे कपडे चिखलात बुडवून धुळीच्या रंगाचे केले. खाकी म्हणजे धुळीचाच रंग. ज्या फौजेने जगाला दिसावं म्हणून लाल घातलं, ती दिसू नये म्हणून हिंदुस्थानची धूळ नेसली, हे वाक्य ताई अशा ठसक्यात म्हणतात की जणू चिखल त्यांनीच कालवून दिला.

तर गेल्या वर्षी केंब्रिजजवळच्या एका लहान गावातल्या म्युझियमने त्यांना मोठं काम दिलं. म्युझियमची प्रमुख हेलन. उंच, शांत, नेमकं बोलणारी बाई. तिला लाल कोटापासून पुढचा सव्वाशेहून जास्त वर्षांचा ब्रिटिश गणवेश एका रांगेत हवा होता. ताईंनी चार गणवेश शिवायचे. १८१२चा आखूड लाल कोट, राणीच्या काळातला लांब लाल ट्युनिक, १८९०ची खाकी आणि १९४२चा खाकी शर्ट व ढगळ हाफपँट. जानेवारीत उद्घाटन.

डिसेंबरात ताई चार गणवेश आणि पाच हँगर घेऊन गेल्या. पाचवा जादा हँगर मिलिंदरावांनी गॅरेजमध्ये मेपलचं लाकूड तासून बनवला होता. ताईंनी तो तिसऱ्या आणि शेवटच्या गणवेशाच्या मध्ये टांगला. रिकामा.

हेलनने विचारलं, "यावरचा कुठे आहे?"

"यावर काही नाही. हा असाच आहे."

"पण त्या काळात गणवेश होता, अरुणा. पहिलं महायुद्ध त्यातच येतं."

"इंग्रज फौजेत होता," ताई म्हणाल्या. "आमच्या घरात नव्हता."

आणि मग त्यांनी सांगितलं. आजोबांचे आजोबा मुंबईच्या पलटणीत लाल कोट घालून होते. त्यांचा मुलगा खाकीत भरती झाला. मग सरकारने ठरवलं की महारांची भरती बंद. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा घेतली आणि गरज सरल्यावर ती पलटण मोडून टाकली. त्यानंतर वर्षभराने ताईंचे आजोबा, एकवीस वर्षांचे, घरात वाडवडिलांची पदकं होती त्या जोरावर भरतीच्या रांगेत उभे राहिले. टेप लागला. छाती चौतीस. साहेब 'गुड' म्हणाला. मग कारकुनाने जात विचारली आणि कागदावर एक आडवी रेघ ओढली.

हेलनने सगळं ऐकून घेतलं. तिला वाईट वाटलं हे दिसत होतं. पण म्युझियम चालवायचं म्हणजे वाईट वाटून भागत नाही. "लोकांना वाटेल गणवेश धुवायला गेलाय," ती म्हणाली. "किंवा चोरीला. रिकामी जागा कुणी बघत नाही, अरुणा. लांबलचक पाटी लावली तर ती वाचतही नाहीत."

"पाटी नको. ज्याला दिसेल तो विचारेल."

"आणि नाही विचारलं तर?"

शेवटी ठरलं ते असं. उद्घाटनाच्या दिवशी हँगर राहील. दुपारी तीनपर्यंत एका जरी माणसाने त्याच्याबद्दल विचारलं तर तो कायमचा तिथे. नाही विचारलं तर हेलन तो उतरवणार आणि रांग सलग करणार. ताईंनी झटकन हो म्हटलं. गाडीत बसल्यावर मात्र त्यांनी मिलिंदरावांना पहिल्यांदाच विचारलं, "विचारतील ना हो?"

मिलिंदरावांनी एरवीची चेष्टा सोडून सरळ उत्तर दिलं, "विचारतील."

कारण त्या हँगरचं माप त्यांना माहीत होतं. आजोबा ताईंच्या दहाव्या वर्षापर्यंत जगले. दरवर्षी त्यांना नवा सदरा शिवायचा म्हणून धोंडिबा टेप काढत, आणि दरवर्षी म्हातारा टेप हाताने बाजूला सारून म्हणे, "मोजतो कशाला? छाती चौतीस. साहेबानं मोजली हाये." छाती तोवर तीसवर आली होती. पलटणीत शिकलेला, दोऱ्याइतकी चूक न खपवून घेणारा धोंडिबा गुपचूप चौतीसचा सदरा शिवून देई. तो ढगळ सदरा घालून आजोबा दारात ताठ उभे राहत आणि छोट्या अरुणाला विचारत, "बसला का नाही बराबर?" ती म्हणे, "बराबर बसला, आजोबा." खोटं बोलायला ती तिथे शिकली, आणि त्या एका खोट्याचा तिला आजही अभिमान आहे. हँगर चौतीस छातीच्या माणसाच्या खांद्यांएवढा होता.

उद्घाटनाच्या दिवशी बाहेर उणे एकवीस. मिसिसागाहून आंबेडकर असोसिएशनची मंडळी तीन गाड्या भरून आली. पुढारी रवींद्र, एअरपोर्टजवळ एका लॉजिस्टिक्स ऑफिसात नोकरी, आवाज मोठा, मन त्याहून मोठं. "जय भीम, ताई! Winter tires लावले नसते ना, तर आज आम्ही ditch मध्येच असतो!" अशी आरोळी ठोकत तो आत शिरला. सगळ्यांनी बूट झटकले, टोप्या काढल्या. दाराजवळचा कोट अडकवायचा स्टँड बघता बघता ओसंडून वाहू लागला.

ताई तेव्हा पहिल्या लाल कोटापाशी दहा-बारा लोकांना काठ दाखवत होत्या. "हात लावा, लावा. उसवत नाही." त्या रंगात आल्या होत्या. बारा वाजले, एक वाजला. लोक लाल कोटाचे फोटो काढत, खाकीपाशी मान डोलावत, हाफपँट बघून हसत आणि पुढे जात. चौथ्या हँगरपाशी कुणी थबकलंच नाही. दीड वाजता एक म्हातारं गोरं जोडपं तिथे थांबलं तेव्हा ताईंनी हातातला काठ सोडून मान उंच केली. नवऱ्याने चष्मा लावला, बायकोने फोटो काढला, दोघं काही न विचारता निघून गेली.

ताई पुढे झाल्या आणि त्यांना दिसलं ते असं. हँगरवर काळाकुट्ट, गुबगुबीत, केसाळ टोपीचा पार्का लटकत होता. त्याच्या बाहीत मफलर कोंबला होता. रांग अगदी भरल्यासारखी दिसत होती. त्या जोडप्याने बहुधा कॅनडाच्या फौजेचा आधुनिक गणवेश म्हणून त्याचा फोटो काढला होता.

हेलन शेजारी येऊन उभी राहिली. तिने पार्का बघितला आणि हळूच म्हणाली, "मी सांगितलं होतं. लोकांना हँगर दिसला की हँगरच दिसतो." ती हसली नाही, हे ताईंना जास्त लागलं.

"कोणाचं जॅकेट आहे हे?" ताईंचा आवाज पार दारापर्यंत गेला.

रवींद्र सामोसा हातात घेऊन धावत आला. "माझं, ताई. तिकडे जागाच नव्हती ना. हा empty दिसला म्हणून लावलं. Sorry, काढतो." त्याने पार्का उतरवून खांद्यावर टाकला. मग हँगरकडे बघितलं, डावीकडच्या खाकीकडे, उजवीकडच्या खाकीकडे. "पण हा रिकामा काहून ठेवला, ताई? काही यायचं बाकी आहे का?"

ताईंनी हेलनकडे बघितलं. हेलनला मराठी येत नव्हती, पण प्रश्न ओळखायला भाषा लागत नाही.

"हा माझ्या आजोबांचा आहे," ताई म्हणाल्या. त्यांनी सगळं सांगितलं, रांग, टेप, आडवी रेघ, सदरा. मंडळी एकेक करून जवळ आली. शेवटी ताई म्हणाल्या, "खांदे त्यांच्याच मापाचे आहेत. छाती चौतीस."

रवींद्रचा मोठा आवाज कुठे गेला कुणास ठाऊक. सामोसा तसाच हातात होता. "आमचा आजाही भरतीच्या रांगेतून परत आला होता. उंची पाच फूट सात," तो म्हणाला. "वर्ध्याच्या घरी चौकटीवर खूण होती. म्हातारा मरेपर्यंत तिथं पाठ लावून उभा राहायचा. आम्ही पोरं हसायचो त्याला. का उभा राहतो ते कधी विचारलंच नाही."

मग मागून रमाबाई सोमकुवर, पंच्याहत्तरीच्या, स्वेटरवर स्वेटर घातलेल्या, पुढे आल्या. त्यांनी हँगरच्या खांद्यावर बोट ठेवलं. "माह्या सासऱ्याची छत्तीस," त्या म्हणाल्या. "लग्न होऊन आली तवा पयलं तेच सांगितलं मले."

हेलनने हळूच विचारलं, "हे सगळे काय सांगताहेत, अरुणा?"

"मापं," अरुणाताई म्हणाल्या. डोळे पुसायला त्यांनी गळ्यातला टेपच घेतला. "हेलन, तुझ्याकडे आणखी किती हँगर आहेत?"

हेलन म्युझियमच्या बेसमेंटमध्ये गेली. ती परत येईपर्यंत रवींद्र पार्का हातावर घेऊन तिथेच उभा होता. स्टँडवर आता जागा झाली आहे, असं मिलिंदरावांनी त्याला दोनदा सांगितलं, पण तो हलला नाही.