व्हर्ना टॉलेफसन आणि चव्वेचाळीस नंबरची पँट

व्हर्ना टॉलेफसन आमच्या कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघाचे कपडे एकतीस वर्षं धुत होती, आणि त्या एकतीस वर्षांत तिनं एकही सामना पाहिला नव्हता. कुणी विचारलं तर म्हणायची, "शनिवारी बघितला काय नि सोमवारी धुतला काय, सामना तोच की!"

व्यायामशाळेच्या तळघरात तिची खोली होती. तीन दांडगी मशिनं, भिंतीवर हेल्मेटांची रांग, दाराबाहेर आडवी बांधलेली दोरी. मी दर शनिवारी मैदानावर लाउडस्पीकरवरून कोण चेंडू घेऊन पळालं, कुणी कुणाला पाडलं ते ओरडून सांगायचो. पण खरं काय घडलं ते मलाही सोमवारीच कळायचं, व्हर्नाकडे कॉफी प्यायला गेलो की. ती एकेक पँट उजेडाकडे धरायची.

"हा एकोणसाठ नंबर. दिवसभर मार खाल्लाय पोरानं, पण दर वेळी उठलाय."

"ते कसं कळलं तुला?"

"गुडघे बघ ना. जो पडून राहतो त्याची पाठ मळते."

त्या वर्षी प्रुइट नावाचे नवे कोच टेक्सासहून आमच्या साउथ डकोटात आले. तरुण, उत्साही, कडक इस्त्रीचे. त्यांनी भिंतीवर तक्ते लावले, पोरांना रोज सकाळी निर्धारावर भाषण दिलं, आणि पहिले चारही सामने आम्ही हरलो. चौथ्यात तर समोरच्या संघाचा एक ढेरपोट्या आमच्या सगळ्या संघातून असा चालत गेला, जणू पोस्टात पत्र टाकायला निघालाय.

त्या सोमवारी व्हर्नाच्या दोरीवर एकच पँट लटकत होती. पांढरी शुभ्र. कमरेवर शाईनं चव्वेचाळीस. खाली पुठ्ठा टांगलेला: 'या आठवड्यात धुवावी लागली नाही. आभारी आहे.'

चव्वेचाळीस म्हणजे कोल्टन राइस, संघाचा कप्तान. दिसायला राजबिंडा, केस मानेपर्यंत. बँकेच्या काचेत त्याचा मोठा फोटो होता. समोरच्याला आडवं करणं हे त्याचं काम. दुपारपर्यंत सगळं कॉलेज दोरी बघून गेलं. मग कोल्टन तणतणत खाली आला. मी तिथंच होतो.

"मावशी, ही काय थट्टा लावलीय?"

"थट्टा कसली बाळा? साबण वाचवलास, त्याचं कौतुक केलं."

"मी सात जणांना पाडलं शनिवारी!"

"कुठं, जिन्यावर?"

माझ्या नाकातून कॉफी आली. कोल्टननं माझ्याकडे असं पाहिलं की मी उरलेला कप तिथंच ठेवून निघालो.

पुढच्या शनिवारी सामना सुरू होण्याआधी आमचा कप्तान पाण्याच्या पिंपाजवळच्या चिखलात बसला, आडवा झाला, एकदा इकडून एकदा तिकडून लोळला. लाउडस्पीकर हातात असून गप्प बसणं मला फार जड गेलं. आम्ही हरलो, आणि सोमवारी चव्वेचाळीस नंबर पुन्हा दोरीवर. आता पुठ्ठ्यावर लिहिलं होतं, 'लोळल्याचा डाग पाठीमागे पडतो.'

"आणि हेल्मेट आण बघू तुझं," व्हर्ना त्याला म्हणाली. "समोरच्या संघाची हेल्मेटं लाल होती ना? मग तुझ्या हेल्मेटवर लाल रंगाचा एक तरी ओरखडा दाखव. एकोणसाठ नंबरचं बघ, नुसतं टोमॅटो झालंय."

 कोल्टन भिंतीवरचं आपलं हेल्मेट काखेत मारून गेला.

ही बातमी कोचसाहेबांच्या कानावर गेली. ते खाली आले, दारातच उभे राहिले.

"व्हर्नाबाई, तुमचं काम कपडे धुणं. पोरांचं मनोबल माझ्याकडे सोडा."

"बरं, साहेब."

"पुन्हा कुठल्याही खेळाडूची पँट दोरीवर दिसता कामा नये."

"नाही दिसणार, साहेब. शब्द देते."

सहावा सामना घरच्या मैदानावर, तोही धो धो पावसात. जुने विद्यार्थी, त्यांची पोरंबाळं, सगळे भिजत बसलेले. आणि मैदानाच्या कडेला कोच प्रुइट डोक्यावर भलीमोठी छत्री धरून उभे! आमच्याकडे पावसात फुटबॉलच्या मैदानावर छत्री धरणाऱ्या माणसाबद्दल लोक त्याच्या नातवंडांपर्यंत बोलतात. आम्ही एकतीस गुणांनी हरलो.

सोमवारी व्हर्नानं दिलेला शब्द पाळला. खेळाडूची पँट दोरीवर नव्हती. धुवायला आलेली कोचसाहेबांची खाकी पँट होती. पुढची इस्त्रीची घडी सुरीसारखी ताठ. पुठ्ठ्यावर इतकंच: 'घडी मोडलेली नाही.'

कॉलेजच्या अध्यक्षांची बायको ती बघायला दोनदा आली. दुसऱ्यांदा मैत्रिणीला घेऊन.

कोच आले तेव्हा त्यांचे कान लाल झाले होते. त्यांनी दोरीवरची पँट ओढून काढली. व्हर्ना हेल्मेटाचे स्क्रू पिळत बसली होती, तिनं मान वर केली नाही.

"तुम्हाला काढून टाकू शकतो मी," ते म्हणाले.

"टाका की. पण मग दुसरं मशीन कुठं लाथ मारल्यावर चालतं ते नव्या माणसाला तुम्हीच दाखवायचं."

त्यांनी हातातल्या पँटची घडी घातली. मग हळूच विचारलं, "खरंच इतकं वाईट दिसत होतं?"

"मी पाहत नाही सामने. मी आपली पँट बघते."

गुरुवारी सरावाला पुन्हा पाऊस. कोच तीच खाकी पँट घालून आले, छत्रीशिवाय. धडक मारायची जाडजूड गादी त्यांनी स्वतः छातीशी धरली आणि कोल्टनला म्हणाले, "ये. सगळ्या जोरानं ये."

कोल्टननं मागं पाहिलं, पुढं पाहिलं, केस कानामागं सारले आणि धावला. कोच, गादी आणि कोल्टन असे तिघं चार हात मागे चिखलात जाऊन पडले.  मग चिखलातून कोचचा आवाज आला, "हां! हे कुठं होतं रे सहा सामने?" त्यानंतर कोचना आडवं करायला पोरांची रांग लागली. काहींनी दोनदा नंबर लावला.

एका सरावानं कुणी राजा होत नाही. सातवा सामनाही हरलो, पण तीनच गुणांनी. आठवा जिंकलो, नववा पुन्हा गेला. शेवटचा सामना शेजारगावच्या कॉलेजशी. त्या दिवशी कोच स्वतः तळघरात गेले आणि व्हर्नाला वर घेऊन आले. ती माझ्या शेजारी घोंगडं पांघरून बसली. आमच्या पोरांच्या हातून चेंडू सुटला की टाळ्या वाजवायची, आम्ही पुढे गेलो की, "आता काय झालं?" म्हणून हळहळायची. 

शेवटचं मिनिट राहिलं होतं. आम्ही चार गुणांनी पुढे, पण समोरचा संघ आमच्या रेषेपासून पाच पावलांवर; ती ओलांडली की सहा गुण त्यांचे. चेंडू घेऊन त्यांचा गडी घुसला, कोल्टन समोरून त्याच्यावर आदळला. तो आवाज माझ्या लाउडस्पीकरमधून गावभर गेला. चेंडू सुटला, त्यावर दहा जण पडले. पंच ढिगाऱ्यातून एकेकाला उचलत तळाशी गेले तर कोल्टन, चेंडू पोटाशी कवटाळलेला.

"जिंकलो, व्हर्ना!" मी ओरडलो.

"हो का? छान," ती म्हणाली, आणि नाक शिंकरत राहिली. थंडीनं, असं तिचं म्हणणं.

दहात दोन विजय. विश्वस्तांमध्ये कोचना घालवायची कुजबुज होती, शेजारगावाला हरवल्यावर ती पुढच्या शनिवारपर्यंत विरली. कोचचं घरचं कुणी इथं नव्हतं, म्हणून थँक्सगिव्हिंगच्या सणाला व्हर्नानं त्यांना जेवायला बोलावलं. ते येताना टेक्सासचं मटण-मिरचीचं कालवण पातेलंभर घेऊन आले. व्हर्नाचा नवरा ऑर्विल, आयुष्यात मिरपूडसुद्धा जपून खाणारा माणूस, भिडेखातर दोन चमचे जेवला आणि मग दुधाचा अख्खा जग तोंडाला लावला.

"कसं झालंय?" कोचनी काळजीनं विचारलं.

ऑर्विलनं डोळे पुसले. "पुढच्या वर्षीही आणा," तो म्हणाला. "माझा मेहुणा येणार आहे."