कॅरीतल्या दूर्वा

अमेरिकेत, कॅरी गावात आमच्या शेजारी एक फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ राहतो. साठी उलटलेला माणूस, पण रस्त्याकडेला एखादं अनोळखी रोप दिसलं की कचकन ब्रेक मारतो. मग गुडघ्यांवर बसून "पार्दों, मादाम" अशी त्या रोपाची माफी मागतो, हळूच उपटतो आणि वर्तमानपत्रात दाबून ठेवतो. त्याच्या गाडीत माणसांना बसायला जागा नसते.

यंदा गणपतीत आम्ही त्याला आरतीला बोलावलं. इंडियन स्टोअरमधल्या दूर्वा पार पिवळ्या पडल्या होत्या, म्हणून माझी चिडचिड चालली होती. त्याने एक काडी उचलून निरखली आणि टाळीच वाजवली. "पण ह्या तर तुमच्या लॉनमध्ये आहेत!"

उन्हाळाभर त्यांच्यावर तणनाशक मारणारा माझा नवरा आरतीचं तबक घेऊनच खिडकीतून लॉन बघायला धावला. लेक किंचाळली, "बाबा, यू वेअर किलिंग बाप्पाज् ग्रास!"

मग काय, साड्या आणि झब्बे सावरत सगळी मंडळी लॉनवर ओणवी! सर्वांत पुढे तो, दर काडीला "पार्दों, पार्दों" करत. सासूबाई म्हणाल्या, "खुडायच्या आधी विचारतो गं. घरचाच आहे." हसू आवरेना, त्यामुळे आरतीला कुणाचाच सूर लागला नाही.

विसर्जनानंतर निर्माल्यातली एक जुडी त्याने मागून नेली. परवा दाखवायला घेऊन आला. कागदावर छान चिकटवलेली होती, आणि रोप कुठे सापडलं ते खाली सुबक अक्षरात लिहिलं होतं: "कॅरी. देवाच्या डोक्यावर."