स्तंभावर नसलेलं नाव

दत्तूमामा गेल्याचा फोन आला, तेव्हा रडू फुटायच्या आधी मनात आलं ते वेगळंच... खांदा द्यायला गाव येईल का?

वारंगा फाट्याजवळच्या त्यांच्या गावात एकेकाळी मामांना केवढा मान! निजामाच्या काळात रझाकारांशी लढलेला, गावात उरलेला हा एकटाच माणूस. नव्वदच्या दशकाच्या शेवटी गावानं हुतात्मा स्तंभ उभारला, तेव्हा उद्घाटन अर्थातच त्यांच्या हातून ठरलं. मामांनी दगडावरची नावं बोट ठेवून वाचली आणि माइकसमोर जाऊन म्हणाले, "यात करीमचं नाव न्हाई."

करीमचाचा गावचे शिंपी. रझाकार शोधत होते तेव्हा त्यांनी मामांना आपल्या घरात लपवलं होतं. पुढं हैदराबादवर फौज आली, रझाकार पळाले आणि गावातल्याच काहींनी सूड म्हणून करीमचाचांना मारलं. जुन्या माणसांना हे ठाऊक होतं. बोलत कुणी नव्हतं.

"काका, काहून जुनं उकरून राहिलात?" गर्दीतून कुणी ओरडलं. "त्याला काय रझाकारांनी मारलं?"

"न्हाई. आपण मारलं."

माइक बंद झाला. मामांना हाताला धरून खाली उतरवलं, नारळ दुसऱ्यानंच फोडला.

त्यानंतर घरी लग्नपत्रिका येईनात, शेतात गडी मिळेना. मामी काकुळतीला यायच्या, "नातीचं लग्न व्हायचंय, आता तरी गप ऱ्हावा." मामा मात्र हिंगोलीला गेले, करीमचाचांच्या मुलीला हुडकून तिला सगळं खरं सांगून आले. तोवर तिला कुणी काही सांगितलंच नव्हतं. नाव काही स्तंभावर लागलं नाही.

मामांच्या अंत्ययात्रेला खांद्यापुरती माणसं आली. बाकी गाव दारात उभं राहून बघत होतं. तिसऱ्या दिवशी फातिमाआपा आल्या, करीमचाचांची ती मुलगी. लहानपणी गाव सुटलं, त्यानंतर पहिल्यांदाच. मामींजवळ बसल्या आणि हळूच म्हणाल्या, "काकी, अब्बांची जागा दाखवा मला."

मामी पदर सावरून उठल्या. सुतकातली ती बाई भर दिवसा, आपांचा हात धरून, पारासमोरूनच निघाली. मी मागं. पारावर माणसं बसली होती.

"कुठं निघालात, वहिनी?" एकानं दरडावून विचारलं.

"करीमभाईची लेक हाय," मामी चालता चालता म्हणाल्या, साऱ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात. "बापाला जिथं मारलं ती जागा बघायची तिला."

जुन्या विहिरीपाशी दोघी बराच वेळ उभ्या होत्या. परतताना पारावर कुणीच नव्हतं.