काकूचा तेरावा महिना

परवा नातजावयाला अधिकाचं वाण दिलं... तेहतीस अनारसे, दुकानातले. खाता खाता तो कौतुकानं सांगायला लागला, त्यांच्या डोंबिवलीच्या घराची वाटणी लवादानं तीन बैठकांत मिटवली म्हणे. "कोर्टाची पायरी चढावी लागली नाही आजी, आणि आमच्या आजीचंही ठरलं. सहा-सहा महिने."

हे मी आधी एकदा ऐकलंय... सत्तर वर्षांपूर्वी, कल्याणला, माहेरच्या ओटीवर.

आमचं घर पारनाक्याजवळ, भातशेती खडवलीला, सगळं तिघा भावांचं एकत्र. थोरले माझे वडील, मग मधले काका, मग धाकटे. मधले काका तरुणपणीच गेले... मागे राहिली काकू. मूलबाळ नाही, माहेरी कुणी नाही.

वडील आणि धाकटे काका यांचं फाटलं ते एका न्हाणीघरावरून. पुढे बोलणंच बंद. शेवटी नात्यातले एक वकील होते, तात्या, त्यांना दोघांनी लवाद नेमलं.

कायद्यानं काकूही हिस्सा मागू शकत होती. तात्यांनी तिला तसं विचारलंसुद्धा. ती म्हणाली, "मला भिंती काय करायच्यात? दोन वेळचा भात आणि अंग टाकायला जागा द्या, झालं." सगळ्यांना केवढं बरं वाटलं! मलासुद्धा.

निवाडा झाला. घराचे दोन भाग, शेतीचे दोन भाग. आणि शेवटच्या कलमात काकू... चैत्र ते भाद्रपद थोरल्याकडे, आश्विन ते फाल्गुन धाकट्याकडे, येणेप्रमाणे सहा-सहा महिने. सह्या झाल्या, पेढे वाटले गेले.

तात्या कायद्यात पक्के. पंचांग उघडायचं मात्र त्यांना सुचलं नाही.

पहिलं वर्ष सुरळीत गेलं. पुढच्या वर्षी, पंचावन्न साली, भाद्रपदच दोन आले... आधी अधिक, मग निज. माझं लग्न नुकतंच झालेलं. पहिला अधिक म्हणून आम्हाला ठाण्याहून वाणाला बोलावलं.

अनारसे काकूनंच केले. तांदूळ भिजवण्यापासून तळण्यापर्यंत सगळं एकटीनं, आणि तुपात एकही हसला नाही, फुटून पसरला नाही. अमावास्येला वाण झालं. तुपाचा दिवा, जावयाचा मान, सगळं थाटात.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही निघालो तर ओटीवर काकूची ट्रंक. ट्रंकेवर काकू.

वडिलांचं म्हणणं, सहा महिने पुरे झाले, आता धाकट्याकडे. धाकट्या काकांनी दारच उघडलं नाही. आतूनच म्हणाले, "कागदावर भाद्रपद लिहिलाय. आश्विन लागू दे, मग बघू." वडिलांनी तात्यांकडे माणूस पाठवला. निरोप आला... मी निवाडा दिला, माझं काम संपलं.

म्हणजे गणपतीचा अख्खा महिना काकू कुणाचीच नव्हती. आणि दोघांकडेही कागद होता, दोघंही खरे होते! संताप होतो अजून.

काकू रडली नाही. मला जवळ बोलावून हळूच विचारलं, "जावयांना अनारसे आवडले का गं?"



आमचे 'हे' तसे मुखदुर्बळ. सासऱ्यांपुढे वर मान करून बोलायचे नाहीत. त्यांनी हातातला अनारशांचा डबा ओटीवर ठेवला आणि काकूची ट्रंक उचलली. "काकू, चला, गाडी चुकेल," एवढंच म्हणाले. मागून आई ओरडत राहिली, "अहो जावईबापू, वाण राहिलं!"

आश्विन लागला. धाकट्या काकांकडून कुणी न्यायला आलं नाही. पुढचा चैत्र आला, वडीलही आले नाहीत. त्या बाबतीत दोघा भावांचं लवादाशिवाय एकमत झालं. काकू आमच्या दीड खोलीत अकरा वर्षं राहिली, आणि तिथूनच गेली.

लोक म्हणतात, काकूला तू सांभाळलंस. खोटं आहे ते. ओटीवर ती ट्रंक दिसली ना, तेव्हा माझ्या मनात पहिला विचार आला तो आमच्या दीड खोलीचा. मला वाटलं होतं, हे काही बोलले नाहीत तर बरं.

हे जाऊन आता वीस वर्षं झाली. त्यांचे आभार मानायचे राहूनच गेले, कारण मानायचे तर आधी हे कबूल करावं लागलं असतं... ते आज केलं.

नातजावयाला मी रागावले नाही. त्याच्या आजीचा फोन नंबर मात्र मागून घेतला.