शेवटच्या घरचा नळ

कडूबाचा दिवस पहाटे चार वाजून दहा मिनिटांनी सुरू व्हायचा. गजर त्यानं कधी लावला नाही. चूळ भरायची, बायकोनं, सारजाबाईनं, झाकून ठेवलेली अर्धी भाकरी गुळाबरोबर खायची आणि दारामागची चावी खांद्यावर टाकायची.

ही चावी कुलपाची नव्हे. छातीइतक्या उंचीची लोखंडी सळई, वर आडवा दांडा, खाली चौकोनी तोंड. वजन साडेनऊ किलो. रस्त्यातल्या खड्ड्याचं झाकण उचलायचं, चावी आत सोडायची, पाण्याच्या लाईनीवरच्या व्हॉल्व्हवर बसवायची आणि दोन्ही हातांनी फिरवायची. निजामावर पोलीस ॲक्शन झाली तेव्हा पाच वर्षांचा असलेला हा पाचोडकडचा माणूस जायकवाडीचं पाणी शहरात आल्यावर लाईनमन म्हणून लागला. घरची जमीन थोरल्या दोघा भावांपुरतीच होती.

काम पुंजारामनं शिकवलं. तो जुना गडी, बोलणं मोजकं.

"चौदा फेरे. तेरा नाय, पंधरा नाय. दर दोन फेऱ्याला दम घ्यायचा. एकदम उघडलं तर लाईन फुटती. पाचला चालू, सहाला बंद. समजलं?"

"व्हय."

अकरा वर्षं कडूबानं ते पाळलं. तापात पाळलं, पाठीत उसण भरली तेव्हा पाळलं. त्याच्याकडच्या गल्लीत बन्सीच्या चहाच्या हॉटेलापाशी लाईनीला दोन फाटे फुटत. एक खालच्या त्रेचाळीस घरांना, दुसरा टेकाडावरच्या एकोणीस घरांना. दोन्हींना मिळून व्हॉल्व्ह एकच. तो उघडून कडूबा बन्सीच्या बाकड्यावर बसायचा, चहा घ्यायचा, घड्याळ बघायचा. सहाला उठायचा.

खंडेनवमीला प्रत्येक जण आपापल्या हत्याराची पूजा करतो. कडूबा चावीची करायचा. राखेनं घासून, तेलाचा हात फिरवून तिला बन्सीच्या ओट्यावर उभी करायची, दांड्याला झेंडू बांधायचा. खालच्या गल्लीतल्या बाया हळदकुंकू घेऊन यायच्या. बन्सी नारळ आणायचा. अकराव्या वर्षी नारळ ठेवत तो म्हणाला,

"कडूबाभाऊ, हिच्यावर माझा धंदा चालतो."

"चालणारच. तुझ्या चहात पाण्याबिगर असतं काय?"

बाया हसल्या. तेवढ्यात टेकाडावरून एक बाई रिकामी घागर घेऊन उतरली. तिशीची असेल. हाताला सिमेंटचे चरे. तिनं घागर चावीशेजारी पालथी ठेवली. एक थेंब पडला नाही.

"तू कोणाची गं?" कडूबानं विचारलं.

"वरची. शेवटचं घर. दगडाबाई. बांधकामावर जाते. अकरा वर्षं पाणी सोडता अन् वळखत नाय?"

"पाणी तर रोज सोडतो. तासभर."

"तुम्ही सोडता. येतं का, ते कधी बघितलं? साडेपाचला नळातून नुसता वारा. पावणेसहाला करंगळीएवढी धार. एक घागर भरंस्तोवर तुम्ही बंद करता. मग खालच्यांच्या हौदातून डोक्यावर चार खेपा. तोवर ठेकेदार दुसरी बाई लावतो. ह्या महिन्यात सहा हजऱ्या गेल्या." तिनं घागर उचलली. "पूजा करा. पण ह्या चावीला मी कुंकू लावणार नाय."

बन्सी म्हणाला, "सणाच्या दिवशी भांडण घेऊन आली." नारळ फोडताना कडूबाचा हात चुकला. दोनदा मारावा लागला.

दुसऱ्या दिवशी त्यानं चौदा फेरे दिले आणि बाकड्यावर बसण्याऐवजी टेकाड चढला. एकशे अठरा पायऱ्या, निम्म्या दगडाच्या, निम्म्या मातीच्या. शेवटच्या दारात उभा राहून पाहिलं. बाई बोलली ते मिनिटामिनिटाला खरं होतं. सहा वाजायला आले तेव्हा घागर गळ्यापर्यंतसुद्धा नव्हती, आणि व्हॉल्व्ह बंद करायला त्यालाच खाली पळायचं होतं. चूक पुंजारामची नव्हती. त्यानं फेरे शिकवले होते. काम शेवटच्या नळापाशी संपतं, हे कडूबानं स्वतः पाहायला हवं होतं.

खाली येताना त्यानं आणखी एक पाहिलं. सतरा घरांच्या नळांना तोट्याच नव्हत्या. हंडे, बादल्या, हौद सगळं भरलं तरी पाणी गटारात चाललेलं. तेच पाणी टेकाडाला कमी पडत होतं.

त्या रविवारी तो बाभळीची फांदी घेऊन बसला. नळाच्या तोंडात बसेल अशी निमुळती खुंटी तासायची, वर सायकलची ट्यूब गुंडाळायची. एका खुंटीला अर्धा तास. पहिल्या सात खुंट्या आठवड्याभरातच गळायला लागल्या, कारण लाकूड ओलं होतं, वाळून आकसलं. सातही फेकल्या. वाळलेलं लाकूड आणून पुन्हा तासल्या. सतरा पूर्ण झाल्या तेव्हा दोन्ही तळव्यांना फोड होते.

मग रोज पाचला व्हॉल्व्ह उघडायचा आणि खालच्या गल्लीत दारं वाजवत निघायचं. "भरलं का? मग मारा खुंटी."

बन्सीला गंमत वाटली. "तू लाईनमन हायस का वासुदेव? पहाटे पहाटे दारोदार!"

"वासुदेवाला दान लागतं. मला नुसती खुंटी मारून पाहिजे. तुझीबी मार. हौद वाहतोय."

काही जणांनी शिव्या दिल्या. एकानं खुंटी चुलीत घातली. कडूबानं दुसरी करून दिली. महिन्याभरात टेकाडावर पाच वीसला धार यायला लागली, अंगठ्याएवढी. दगडाबाईच्या चार घागरी सहाच्या आत भरायला लागल्या. ती साडेसहाला कामावर जाताना बाकड्यासमोरून जायची. बोलायची नाही, मान हलवायची. कडूबाला तेवढं पुरायचं. चौदा वर्षं त्याची पहाट त्या मानेपाशी संपायची, आणि त्या वर्षांत त्यानं एकदाही सुटी मागितली नाही.

निवृत्तीला दोन महिने उरले. नवा लाईनमन येणार होता कारभारी नावाचा, चांगला पोरगा, पण त्याच्याकडे नऊ व्हॉल्व्ह. तो दारं वाजवत फिरणार नव्हता. मग सगळं पुन्हा पहिल्यासारखं. कडूबानं ओव्हरशियरसाहेबांना गाठलं.

"खालच्या फाट्याला वेगळा व्हॉल्व्ह बसला तर?" त्यानं विचारलं. साहेबांनी कागदावर रेघा मारल्या. "तो अर्धा तास बंद ठेवायचा, पाणी आधी वर चढेल. मग खाली. बरोबर आहे तुझं. पण सामानाच्या यादीत नंबर लागायला वर्षं जातील. वस्तीनं सामान आणून दिलं तर आमची माणसं आठवड्यात बसवतील."

वस्ती म्हणजे रोजंदारीवरची एकोणीस घरं. कडूबा घरी आला. नोकरीत फंडात साठलेल्या पैशातून घरावरचे पत्रे काढून स्लॅब टाकायचा, हे सारजाबाईनं केव्हापासून मनात धरलं होतं.

"तुमचं तोंड असं का?" तिनं विचारलं. त्यानं सांगितलं.

"म्हणजे माझा स्लॅब त्या टेकाडाच्या नळात?"

"तू नाय म्हण, मी व्हॉल्व्ह घेत नाय."

"नाय तरी कशी म्हणू, तिथलं काय बघितलंय मी? चला उद्या."

दुसऱ्या दिवशी ती एकशे अठरा पायऱ्या चढली, तीनदा बसून. दगडाबाईच्या उंबऱ्यावर टेकून तिनं चार घागरी भरताना पाहिल्या. दगडाबाईनं चहा दिला. उतरताना सारजाबाई अर्ध्या वाटेवर थांबली.

"ही बाई दोन खेपा पाणी डोक्यावर घेऊन इथनं चढली तरी मरंल. घ्या तुमचं लोखंड. पत्रा पंचवीस वर्षं तापतोय, तुमच्या डोक्यासारखाच. अजून तापल."

बन्सी तेवढा कुरकुरला, "म्हणजे माझा चहा साडेपाचला?"

"अर्धा तास जास्त झोप," कडूबा म्हणाला. बन्सीनं खड्डा खणायला स्वतःची कुदळ आणली.

त्या खंडेनवमीला कडूबानं चावी कारभारीच्या हातात दिली. "खालचा साडेपाचपर्यंत बंद ठेवायचा. मोठ्याला चौदा फेरे. मग एकदा वर जाऊन बघायचं. चढायचा कंटाळा करायचा नाय."

दगडाबाई भरलेली घागर घेऊन उतरली. चावीला कुंकू लावलं, मग खड्ड्याशी वाकून आतल्या नव्या लोखंडालाही लावलं.

पंचवीस वर्षांच्या पहाटांचे पैसे हाती आले, त्यातून हे आलं. तीन इंची बिडाचा एक व्हॉल्व्ह, जोडणीच्या दोन फ्लँज, आठ बोल्ट आणि रस्त्याच्या पातळीत नीट बसलेलं एक झाकण.